मनगटाची दोन मापं

६ जानेवारी

प्रिय मावशी,

साष्टांग नमस्कार. काल फोन केला होता. तू उचललास आणि नुसतं 'ऊं ऊं' केलंस, त्यावरून तोंडात टाचण्या आहेत हे कळलं. तेव्हा पत्रच बरं.

मला कामावर घालायला पांढरा कोट शिवून हवा आहे. प्रयोगशाळेतून मिळतो तो सगळ्यांना एकाच मापाचा, म्हणजे कुणालाच न बसणारा. कापड सुती, पण धागे न सुटणारं बघ. आमच्या खोलीत तंतू उडाला तरी वजनाच्या काट्याला कळतो. अंगाला सैल असू दे. आणि पुढे बटणं नकोत. बटणं तुटतात आणि हरवतात.

मी काय काम करते हे तू दर वेळी विचारतेस, म्हणून यंदा आधीच लिहिते. औषधाच्या कारखान्यातलं किंवा दुकानातलं वजन खरोखर तेवढंच भरतं का, हे आम्ही आमच्या वजनाशी ताडून पाहतो आणि तसं प्रमाणपत्र देतो. हे जिथे चालतं ती वजनांची खोली. तिच्या प्रमुख बाई निवृत्त झाल्या. साहेब लवकरच त्यांच्या जागी कुणाला तरी नेमतील, आणि नावं दोनच आहेत: मी आणि घाईबुवा. घाईबुवा म्हणजे माझ्या शेजारच्या टेबलावरचा सहकारी. हुशार आहे, पण चहासुद्धा चालता चालता पितो. साहेबांचं मत असं की त्या खोलीला डोकं कुणाचंही चालेल, हात स्थिर हवा. मला ती खोली हवी आहे. इतकं स्पष्ट मी घरात कुणाला सांगितलेलं नाही.

मापं पाठीमागे मिलिमीटरमध्ये लिहिली आहेत. प्रत्येक माप दोनदा घेतलं आहे.

तुझी भाची


१३ जानेवारी

प्रिय फूटपट्टी,

अनेक आशीर्वाद. मिलिमीटरमध्ये घड्याळं बनवतात बाई, कपडे नाही. सगळं इंचात उतरवून घेतलं आणि सवयीने तुझं जुनं माप काढलं, गेल्या वर्षी जाकीट शिवलं तेव्हाचं. दोन्ही शेजारी ठेवली आणि मी खुर्चीत बसले.

कंबर दोन इंचांनी वाढलेली. गळा वाढलेला. मनगटंसुद्धा भरलेली. वर कोट सैल हवा, वर पुढे बटणं नकोत. अगं, आयुष्य गेलं माझं नाटक मंडळीचा कपडेपट सांभाळण्यात. नटीला दिवस गेले की आधी मला कळतं, मग डॉक्टरला, आणि सगळ्यात शेवटी नवऱ्याला.

मी काही विचारणार नाही. कितवा महिना तेवढं कळव, म्हणजे शिवणीत माया किती ठेवायची ते ठरवता येईल. तो कोण, काय करतो, हे तुझ्या सवडीने. लग्न केलंयस की नाही यात मला पडायचं नाही. ताईच्या कानावर माझ्याकडून जाणार नाही. तुझ्या आईला मी जन्मापासून ओळखते, तिला बातमी चमच्याचमच्याने पाजावी लागते.

आमचे टोपवाले काका तुला आठवत असतील. नटांना केसांचे टोप करून देतात आणि विसरून त्यातलाच एखादा डोक्यावर घेऊन घरी जातात. ते विचारत होते, बाई, आज चेहरा असा का? मी म्हटलं, काही नाही. ते म्हणाले, म्हणजे गोड बातमी आहे. मी हो म्हटलेलं नाही. नाहीसुद्धा म्हटलेलं नाही.

जड उचलू नकोस.

तुझी मावशी


१९ जानेवारी

प्रिय मावशी,

अभिनंदन परत पाठवत आहे. वापरलेलं नाही.

बाळ नाही. 'तो' कोण हा प्रश्न त्यामुळे उरत नाही. कंबर आणि गळा स्टेरॉइडच्या गोळ्यांनी वाढले आहेत, आणि मनगटं सुजतात म्हणून जाड आहेत. मला संधिवात आहे. म्हातारपणी गुडघे धरतात तो नव्हे. शरीराचे पहारेकरी चोर सोडून घरच्याच माणसांना धरायला लागतात, तो. डॉक्टरबाई म्हणतात, बरा होत नाही, आटोक्यात राहतो. दोन वर्षं झाली. त्यातलं पहिलं वर्ष सगळे रिपोर्ट चांगले येत होते, आणि 'टेन्शन घेऊ नका' म्हणणाऱ्यांचंच टेन्शन येऊ लागलं होतं.

सकाळी बोटं मिटत नाहीत. दात घासायला मी ब्रश दोन्ही हातांनी धरते. ताप आल्यासारखं अंग मोडून येतं, पण थर्मामीटर लावला तर ताप नसतो. दुपारपर्यंत सांधे सुटतात, आणि मग माझा हात कुणाच्याही हाताइतका स्थिर असतो. बाहेरून यातलं काही दिसत नाही. बसमध्ये वयस्कर माणसं माझ्याकडे बघून खाकरतात आणि मी उठते. बटणं तुटत नाहीत, मला लावता येत नाहीत. जुना कोट मी बटणं लावूनच ठेवते आणि सामानाच्या खोलीत दार लोटून स्वेटरसारखा डोक्यावरून घालते.

गेल्या वर्षीचीच मापं पाठवली असती तर तुला काही कळलं नसतं. ते जमलं नाही. शब्दांत मी वाटेल ते दडवते. चुकीचा आकडा लिहायला मात्र हात उठत नाही.

आईला सांगू नकोस. ती पहिल्या गाडीने येईल आणि मला गादीत गुंडाळून घरी नेईल. कामावरही कुणाला माहीत नाही, आणि खोलीचा निर्णय होईपर्यंत कळता कामा नये. आणि कृपा करून उपाय सुचवू नकोस. दवाखान्याच्या बाकावर अनोळखी लोकांनी आतापर्यंत सांगितलं आहे की अनवाणी चाल, खिशात कच्चा बटाटा ठेव आणि मनातला राग सोड. बटाटा सोपा होता.

तुझी भाची


२७ जानेवारी

प्रिय फूटपट्टी,

पत्र वाचलं. मग पुन्हा वाचलं. मग सेनापतीच्या झग्याला बाही उलटी जोडली आणि उसवत बसले.

गेल्या वर्षी घरच्या कार्याला तू खुर्चीतून उठली नाहीस. कुणाला पाण्याचा पेला दिला नाहीस. मी ताईला म्हटलं, पोरगी शिकली खरी, पण शिष्ट झाली. ते शब्द मी परत घेते. तू तेव्हाच सांगितलं असतंस तर, असं लिहिणार होते, पण तेव्हा सांगितलं असतंस तर मी 'या वयात कसला संधिवात' म्हणाले असते. आत्ताही तोंडावर आलंच होतं. टाचण्या होत्या म्हणून वाचलीस.

ताईला सांगणार नाही. पण तू सांग. आणि उपायांचं म्हणशील तर शब्द देते, एक अक्षर लिहिणार नाही.

कोट सोबत आहे. नाटकात भिकाऱ्याचा राजा करायला विंगेत जेवढा वेळ मिळतो, तेवढ्यात बटणं लावून होत नाहीत. म्हणून आम्ही बटणं नुसती वरून शिवतो, शोभेला, आणि खाली वेल्क्रोची पट्टी लावतो. बघणाऱ्यांना वर्षानुवर्षं बटणंच दिसतात. तुझ्या कोटाची सगळी बटणं तशी आहेत. काजंसुद्धा खोटी. एवढंच ध्यानात ठेव की काढताना फर्र आवाज होतो. आमच्या एका खलनायकाने ऐन मरणाच्या प्रवेशात कोट फाडला, तेव्हा शेवटच्या रांगेपर्यंत ऐकू गेला आणि माणसं हसली. तो अजून माझ्याशी बोलत नाही.

कफ जाड वाटतील. आत दुहेरी कॅनव्हास घातलंय, मनगटाला आधार म्हणून. उसवून बघायचं नाही, हातशिलाई आहे.

आणि साष्टांग नमस्कार बंद कर. कागदावरचासुद्धा.

तुझी मावशी


८ फेब्रुवारी

प्रिय मावशी,

नमस्कार. साधा.

कोट उत्तम बसला. पहिल्या सकाळी तो मी सगळ्यांसमोर घातला. घाईबुवा नुसता म्हणाला, नवा? मी म्हटलं, हो. गेल्या दोन वर्षांतलं सर्वांत सुखाचं संभाषण.

कफांचा आधार चांगला आहे. मनगट कमी दुखतं. दोन गोष्टी एकदम घडल्या म्हणून एकीमुळे दुसरी घडली असं सिद्ध होत नाही, पण आभार.

इथे वेगळंच झालं आहे. आमचा मोठा काटा आजारी पडला. तो काचेच्या पेटीत, दगडी टेबलावर असतो. त्याच्याजवळ आम्ही श्वासही जपून घेतो. प्रत्येक वजन दोघांनी तपासायचं असा नियम आहे: सकाळी घाईबुवा करतो, दुपारी मी. दोघांचे आकडे जुळले की प्रमाणपत्र. मी दुपार मागून घेतली तेव्हा सांगितलं होतं की सकाळी मला हिशेबाचं काम बरं पडतं. गेला आठवडाभर आमचे आकडे जुळत नाहीत. माझा आकडा किंचित जड येतो. पुन्हा केलं तरी जडच येतो, म्हणजे मी चुकत नाहीये. त्याने पुन्हा केलं की त्यालाही त्याचा पहिलाच आकडा येतो. तो म्हणतो, काटा दुपारी रुसतो.

तुझी भाची


१४ फेब्रुवारी

प्रिय फूटपट्टी,

मनगट कमी दुखतं? खरंच? डावं जास्त कमी दुखतं की उजवं? आणि बोटांपर्यंत गुण आलाय का, की मनगटापाशीच थांबलाय? सहज विचारते.

टोपवाले काकांना तुझ्या मनगटाचं सांगितलं. कुणाचं मनगट ते नाही सांगितलं. त्यांना इतका आनंद झाला की डोक्यावरचा टोप काढून त्यांनी मला अभिवादन केलं.

तुझ्या काट्याला म्हणावं, रुसणाऱ्यांना मी पुष्कळ पाहिलंय. आमची एक नायिका फक्त दुसऱ्या अंकात रुसायची. पुढे कळलं, दुसऱ्या अंकात तिच्या पायात जी चप्पल होती, तिचा खिळा वर आला होता. सांगत नव्हती, कारण ती चप्पल तिनेच हट्टाने मागून घेतली होती.

तुझी मावशी


२३ फेब्रुवारी

प्रिय मावशी,

डावं-उजवं सारखंच. इतका तपशील का हवा आहे?

काट्यासाठी मेकॅनिक आला होता. त्याने सकाळभर तपासणी केली आणि सांगितलं की यंत्र ठणठणीत आहे, सगळं नॉर्मल, तुम्ही लोक फार बारीक बघता. मला इतका राग आला की मी पाणी प्यायला बाहेर गेले. नॉर्मल असेल तर आकडे का जुळत नाहीत, हे कोण सांगणार? पहिलं वर्षभर मीही दवाखान्याच्या बाकांवर हेच 'नॉर्मल' ऐकत बसले होते. निदान काट्याला कुणी राग सोडायला सांगितलं नाही.

यंत्र ठीक म्हटल्यावर उरली माणसं. साहेबांनी घाईबुवाला बोलावून दार लावून घेतलं. तो बाहेर आला तेव्हा चहा टेबलावर ठेवून, बसून, सावकाश पीत होता. त्याला असं पाहून बरं वाटलं नाही. त्याने घाई केली असणार असं सगळ्यांनी धरलं आहे. मीही धरलं आहे. माझे आकडे खरे मानून तीन प्रमाणपत्रं पाठवली गेली, त्यातलं एक औषधाच्या कारखान्याला. खोलीचा निर्णय पुढच्या महिन्यात आहे, आणि आता नाव एकच उरल्यासारखं आहे.

मला हवं होतं ते होतंय. मग हे असं का वाटतंय, ते कळत नाही.

तुझी भाची


१ मार्च

मावशी,

आज फाइल आवरताना एक टाचणी माझ्या बाहीला लागली आणि पडली नाही. हात झटकला तरी पडली नाही.

मी कफ उसवला. कॅनव्हासमध्ये काळ्या चकत्या शिवलेल्या आहेत, दोन्ही हातांना. चुंबक. एक अक्षर लिहिणार नाही असा शब्द दिला होतास. अक्षर लिहिलं नाहीस, हे खरं.

आमची वजनं पोलादी असतात. दिसत नाही, पण चुंबक जवळ आला की तीही थोडी ओढली जातात. काटा रुसला नव्हता. घाईबुवाने घाई केली नव्हती. दर दुपारी मी माझ्या हाताने चुंबक काट्याशी नेत होते आणि येणाऱ्या आकड्यावर सही करत होते.

आता चकत्या काढून टाकल्या तर उद्यापासून आकडे जुळतील. कुणालाच काही कळणार नाही. खोली मला मिळेल. तीन कारखान्यांकडे तीन चुकीची प्रमाणपत्रं राहतील आणि घाईबुवावर घाईचा ठपका राहील. साहेबांना सांगितलं, तर ते विचारणार की कोटाच्या कफात चुंबक कशाला.

सल्ला मागत नाही. तुला माहीत असावं म्हणून लिहिलं.


४ मार्च

माझ्या लेकरा,

चुकले. काकांनी दिल्या चकत्या. त्यांच्या बहिणीचे गुडघे त्याने चालू लागले म्हणे. तुला विचारलं असतं तर तू नको म्हणाली असतीस, आणि मला काहीतरी करायचं होतं. तिथे तू ब्रश दोन हातांनी धरतेस आणि मी इथे सेनापतीला झालर लावतेय. एवढं एकच हातात होतं, ते मी शिवून टाकलं. तुझं मनगट बरं आहे असं वाचलं, तेव्हा कपडेपटात नाचले मी. काय करून बसले ते कळत नव्हतं.

आता ऐक. खोटं बोलावं लागणार नाही. साहेबांना म्हण, माझी मावशी शिवणकाम करते, टाचण्या सांडू नयेत म्हणून कफात चुंबक ठेवते, चुकून माझ्या कोटात राहिले. मी मनगटाला चुंबकाचा पट्टा बांधून टाचण्या ठेवते हे खरंच आहे, म्हणजे निम्मं खरं झालं. सगळं माझ्यावर ढकल. मला साहेब नाही, मला कोण काढून टाकणार? प्रमाणपत्रं दुरुस्त होतील, त्या पोराचं नाव स्वच्छ होईल, आणि तुझं गुपित गुपितच राहील.

रागावली असशील तर रागाव. बटाटा मी पाठवणार नाही.

तुझी मावशी


१६ मार्च

प्रिय मावशी,

साष्टांग नमस्कार, बसल्या जागेवरून.

तुझं निम्मं खरं घेऊन मी साहेबांकडे गेले. पाठ करून गेले होते, आणि चांगलं जमलं. चकत्या त्यांच्या टेबलावर ठेवल्या, टाचण्यांची गोष्ट सांगितली. ते रागावले नाहीत. उलट त्यांना इतका हर्ष झाला की त्यांनी घाईबुवाला हाक मारली, आणि आम्ही तिघं काट्याशी जाऊन चकती किती जवळ आली की आकडा किती सरकतो ते मोजत बसलो. साहेबांनी घाईबुवाची माफी मागितली. घाईबुवा म्हणाला, मी म्हणत होतो ना, दुपारी रुसतो. मी सुटले होते.

मग साहेबांनी माझे सगळे जुने आकडे समोर घेतले, किती दुरुस्ती करायची ते ठरवायला. पेन्सिलीने काही आकड्यांवर खुणा केल्या. मग म्हणाले, "हे दोन गट आहेत. काही दिवशी थोडी चूक, काही दिवशी बरोबर दुप्पट. कोट तोच, चुंबक तोच. तुझ्या हाताचं त्या दिवशी काय वेगळं होतं?"

मला ते ठाऊक होतं. ज्या दिवशी दुपारपर्यंतही सांधे सुटत नाहीत, त्या दिवशी मी मनगट पेटीच्या कडेवर टेकवून काम करते. चुंबक तेवढा जवळ जातो. हे न सांगता दुरुस्तीचा आकडा काढता आला नसता. अंदाजे काहीतरी सांगता आलं असतं, पण तो आकडा खोटा ठरला असता, आणि तो प्रमाणपत्रावर जाणार होता. माझं हे कुठे अडतं ते तुला माहीत आहे.

मी सांगितलं. दोन वर्षं, गोळ्या, सकाळ, स्वेटरसारखा कोट, सगळं. घाईबुवा तिथेच होता. तो म्हणाला, "मला वाटायचं, माझं तोंड बघायला नको म्हणून तू सकाळी खोलीत येत नाहीस." मग लगेच म्हणाला की त्याच्या काकूने मधमाश्या चाववून घेतल्या होत्या, तिला फरक पडला. मी त्याच्याकडे नुसतं पाहिलं. तो म्हणाला, बरं, नको.

साहेबांनी चष्मा पुसला. मी म्हटलं, तुम्हाला स्थिर हात हवा होता, माझा सकाळी नसतो. ते म्हणाले, "हा काटा चालू केल्यावर सकाळचा पहिला तास गरम व्हायला ठेवतो आपण, मगच त्याच्यावर भरवसा टाकतो. तोवर त्याला कुणी हात लावत नाही. इतक्या वर्षांत त्याला आजारी कुणी म्हटल्याचं मला आठवत नाही." एवढंच बोलले आणि दुरुस्तीचा हिशेब करायला बसले. कागद माझ्यापुढे सरकवला, कारण बेरीज त्यांची नेहमी चुकते.

तिन्ही कारखान्यांना मी स्वतः कळवलं. एकाने शिव्या दिल्या, रास्त होत्या.

चार दिवस झाले, वजनांच्या खोलीच्या दारावर माझं नाव आहे. किल्ली घाईबुवाकडे आहे, कारण ते कुलूप सकाळी माझ्याने उघडत नाही. तो रोज दार उघडतो आणि चहा बाहेर ठेवून आत येतो. काही दिवस अजूनही वाईट जातात. गेल्या गुरुवारी मी दुपारीही काही केलं नाही, नुसती खुर्चीत बसले, आणि तसं सांगून बसले.

आईला रविवारी मीच फोन केला. गादीचा माझा अंदाज चुकला, ती उशा आणते आहे. पहिली गाडी मात्र बरोबर होती. तू आधीच ओळखलं होतंस, हे तिला सांगितलेलं नाही. नेमकं काय ओळखलं होतंस ते तर नाहीच.

चकत्या साहेबांनी ठेवून घेतल्या, नव्या मुलांना दाखवायला. काढल्यावरही मनगट तेवढंच बरं किंवा तेवढंच वाईट आहे. काकांना हे सांगायचं की नाही ते तू ठरव.

कोट मला आवडतो, पण कफ उसवताना मी ते नीट उसवले नाहीत. दुसरा शिवशील? बटणं तशीच, खोटी. आत फक्त कॅनव्हास. बाकी मापं जानेवारीचीच आहेत. मनगट सकाळी १६८ मिलिमीटर, संध्याकाळी १६०. दोन्ही दोनदा घेतली आहेत आणि दोन्ही बरोबर आहेत. कफ मोठ्या मापाचा ठेव.

तुझी,
फूटपट्टी